गडातला अर्धा दिवस

वेशीच्या सागवानी खांबात ज्वारीचा एक दाणा. कोपरभर खोल. सुताराने खांब चिरला तेव्हा सापडला, एका बाजूने करपलेला, बाकी पांढराशुभ्र.

बर्फात एक शेळी. पुढचे पाय उचललेले, तोंडात पाला.

पाटी: दोर सोडू नये. धावू नये. काहीही फेकू नये.

हिवटणीतल्या एका पिढीच्या बायका डाव्या हाताने भाकरी थापतात.

किल्लेदारांच्या न्याहारीला सांजा होता. त्यांनी दुसऱ्यांदा वाढून घेतला.

धाकटी बहीण पन्नाशीची. थोरली विशीची.

*

संथगड खोऱ्याच्या तोंडाशी आहे आणि हिवटणी त्याच्या पायाशी. गडाच्या पोटात एक जातं आहे. काशाच्या दोन प्रचंड तळ्या, एकीवर एक, वरची डावीकडे फिरते, खालची उजवीकडे. दळत काही नाहीत. पण त्या फिरतात तेव्हा त्यांच्या भोवतीचा काळ जड होतो. ओल्या मातीवर धोंडा ठेवला की खळगा पडतो, तसा काळाला खळगा पडतो, आणि खळग्याच्या तळाशी तो सावकाश सरतो. गडातला एक दिवस म्हणजे बाहेरचे चाळीस.

खळगा म्हटला की काठ आला आणि काठ म्हटला की उतार. गडाभोवती दहा-पंधरा पावलांचा हा उतार आहे. जमीन सपाटच आहे, डोळ्यांना काही दिसत नाही. लोक त्याला उंबरा म्हणतात. उंबऱ्यावरून जे आत पडतं ते कड्यावरून पडल्यासारखं जोर घेऊन पडतं. त्या जोरातला मोठा घास जातं स्वतः खातं, म्हणून ते फिरत राहतं. उरलेल्यावर गडाच्या गिरण्या चालतात, दिवे लागतात, चुली पेटतात. पाऊससुद्धा आत बाणांसारखा कोसळला असता, म्हणून गडावर माती आणि लोकर यांचं पुरुषभर जाड छप्पर आहे. माणसाने आत जाताना दोर धरून, विहिरीत उतरावं तसं उतरायचं.

बाहेर येणं म्हणजे चढण. तिला जोर लागतो आणि तो ज्याचा त्याने द्यायचा. नदीजवळ द्यायला ऊब सोडून काय असतं? ती एका अंगाने गडात खळाळत शिरते आणि दुसऱ्या अंगाने बर्फ होऊन बाहेर सरकते. हिवटणी त्या बर्फाच्या काठी आहे. गडातला उजेडही बाहेर येईस्तोवर दमतो. हिवटणीतून बघावं तर वेशीआड सगळं तांबूस, विझत आलेल्या निखाऱ्यासारखं, आणि त्या तांबूसपणात माणसं, पाण्याखाली चालल्यासारखी.

हे सगळं हौसाला नंतर समजलं. आधी समजलं ते दाण्यांमुळे.

*

हिवटणीतलं कुणी परगावी निघालं की त्याच्या नावाची मूठभर ज्वारी शिंक्यात ठेवतात. ते परतलं की गावाच्या शिवेवर पाऊल पडायच्या आत ती त्याच्या अंगावर उधळतात. दाण्यांवाचून शिवेच्या आत येतं ते फक्त मढं. हौसाची थोरली बहीण राही गडाच्या मुदपाकखान्यात कामाला गेली तेव्हा तिच्याही नावाचे दाणे शिंक्यात पडले. एका महिन्याचं काम होतं. तो महिना संपायला हौसाला तीन पावसाळे लागले. हौसा बाराची झाली तरी ज्वारी तिथेच होती. आई दर सणाला ती निवडायची, पोरकिडे काढून पुन्हा ठेवायची.

हिवटणीची शीव उंबऱ्याला चिकटून आहे. म्हणजे शिवेवर पाऊल पडायच्या आत दाणे उधळायचे, तर माणूस अजून उंबऱ्यावर असतानाच उधळायचे. पाटी सगळ्यांनी वाचली होती. गडाला आपल्या ज्वारीची शिसारी येते, एवढाच अर्थ लोकांनी घेतला होता. आईने मूठ पदराखाली नेली. राही दोर धरून वर येत होती, मागे वेसकर होता. आईने हात वर केला आणि मनापासून, मोठ्या प्रेमाने उधळले.

एक दाणा राहीच्या डाव्या डोळ्यात गेला. एक वेसकराच्या गळ्यातून. बाकीचे खांबांत.

बाहेरून ते सगळं इतकं संथ दिसलं. राहीची पापणी मिटायला निघाली ती मिटेपर्यंत हौसाने तीनदा श्वास घेतला. रक्त बाहेर आलं ते फुलासारखं उमलत आलं. आई, हे काय आहे ते न कळून, लेकीला हाका मारत राहिली, आणि लेकीचं तोंड किंचाळायला उघडतच होतं, उघडतच होतं.

वेसकर पडत असतानाच राहीला आत ओढून नेलं. गडाने तातडीने माणसं पाठवली. त्यांची तातडी हिवटणीला तिसऱ्या दिवशी पोचली. रजया पांघरलेली, काखेत तापलेले दगड धरलेली माणसं वेशीतून आली आणि त्यांनी आईला पाणवठ्यावर गाठलं. चारचौघांसमोर काठ्यांनी मारलं. ती लवकर मेली नाही. मग एकेका घरातून बायका आणि पोरी बाहेर काढल्या, पाट्यावर हात धरून वरवंट्याने उजवे अंगठे ठेचले. पुन्हा कुणी काही फेकू नये म्हणून. हौसाच्या वेळी वरवंटा धरणारा दमला होता. त्याला तीन घाव घालावे लागले.

तिला डावा हात ठेवला होता. वर्षभराने तिने गुराख्याची गोफण उचलली.

*

चाळीस वर्षं सरली. गडात एक. हिवटणीत पोरं झाली, मेली, म्हातारी झाली. डोंगराच्या कपारीत हौसा गोफण शिकवत राहिली. गोफणीतला वाटाण्याएवढा खडा उंबऱ्यावरून गेला की आत काय करतो, हे तिला कुणी सांगावं लागत नव्हतं. आतल्या माणसाने तो येताना बघून मान वळवायची म्हटली तरी तेवढ्यात बाहेरून आणखी दहा सुटलेले असतात. याला लढाई म्हणता येत नाही हे तिला माहीत होतं. तिने दुसरा शब्द शोधलाही नाही.

त्या वर्षी गडाने जात्याचा वेग वाढवायला घेतला. नदीचा बर्फ काठ सोडून गल्ल्यांत आला. पहाटे लोक उठत ते आधी पोरांच्या नाकाशी हात धरत. भिवा, हौसाचा सगळ्यात तरबेज गडी, याचा मुलगा त्यातच गेला. आता फक्त मुलगी उरली होती, आणि बायको मुकी झाल्यासारखी. बैठकीत भिवा म्हणाला की पुनवेला मारायचं आणि आत उंदीरसुद्धा ठेवायचा नाही. कुणी नाही म्हटलं नाही.

हौसाने फक्त वेशीच्या घंटेचा दोर ओढला आणि बहिणीला मधल्या पायरीवर बोलावलं.

मधली पायरी उंबऱ्याच्या मध्यावर आहे. तिथे काळ ना आतला ना बाहेरचा, म्हणून दोन्हीकडची माणसं तिथे बोलू शकतात. राही आली ती पदराला हात पुसत, तुपाचा वास घेऊन. डाव्या डोळ्यावर फडकं. गालावर अजून मुरुमाचा एक फोड होता. हौसा आपल्या थोरल्या बहिणीकडे नातीकडे बघावं तशी बघत राहिली.

"हौशे," राही म्हणाली, "केस बघ काय करून घेतलेस."

मग तिने तिच्या कानामागची बट नीट खोचली, लहानपणी खोचायची तशी, आणि गुडघे दुखतात का म्हणून विचारलं.

हौसाने सांगून टाकलं. पुनवेला काय होणार ते, वेशीतून किती गोफणी आणि छपरावर किती धोंडे. दोर धर आणि आत्ताच्या आत्ता माझ्याबरोबर चल, असं म्हणाली.

राहीने ऐकून घेतलं. गडात काय आहे ते तिनेही सांगितलं. किल्लेदार वाईट माणूस नाही, त्याला सांजा आवडतो, बाहेर थंडी पडते हे त्याला माहीत आहे, आज दुपारी तो त्यावर बोलणार आहे. त्याचं जेवण होऊन वामकुक्षी आटपेस्तोवर बाहेरचे चार दिवस जातात, हे त्याच्या डोक्यात शिरत नाही. मुदपाकखान्यात, धोबीघाटात, पागेत सगळी हिवटणीचीच माणसं आहेत, कुणाची आत्या, कुणाचा चुलता. आणि त्यांची तिथेच झालेली पोरं.

"मला अर्धा दिवस दे. सगळ्यांना वेशीवर आणते."

"अर्धा दिवस म्हणजे वीस दिवस, अक्का."

"मला हिशेब येतो गं. वीस दिवस दे."

"वीस दिवसांत बाहेरची मरतील."

"आज मारलंत तर आतली मरतील."

मधल्या पायरीवर एवढं बोलणं होईस्तोवर बाहेर उन्हं कलली. हौसा पन्नाशी उलटलेली होती, तिने माणसं मारायला शिकवली होती. पण थोरली बहीण काही मागून समोर उभी राहिली की धाकटीने काय करायचं असतं, ते तिच्या हाडात होतं. तिने मान डोलावली.

*

बाहेर: तिने गावाला खरं सांगितलं नाही. धोंडे कमी आहेत, आणखी गोळा करू, पुनव जाऊ दे, असं म्हणाली. लोक तिच्यावर विसंबून होते, ते धोंडे गोळा करत राहिले. पहिल्या आठवड्यात दोन म्हाताऱ्या गेल्या. जमीन खणता येईना, तेव्हा बर्फालाच भोक पाडून त्यांना आत सोडलं.

आत: राही मुदपाकखान्याचा जिना उतरते आहे.

बाहेर: पुनव आली आणि गेली. ढोरं उभ्या उभ्या मेली. एका घरात नवरा-बायको आणि तीन पोरं एका गोधडीखाली सापडली. वेगळी करता येईनात, तशीच नेली. हौसा प्रत्येक मढ्याला खांदा द्यायला जात होती. बायका म्हणत, मावशीचं काळीज मोठं. ती खाली बघायची.

आत: राही धोबिणीच्या कानाशी वाकते आहे.

बाहेर: भिवाची मुलगी गेली.

भिवा रडला नाही. त्याने पोरीला आपल्या बापाच्या पागोट्यात गुंडाळलं, बायकोच्या मांडीवर ठेवलं, आणि गोफण घेऊन सरळ वेशीकडे चालत गेला. कुणीतरी धावत हौसाला सांगायला आलं. ती पोचली तेव्हा त्याच्या डोक्यावर गोफण गरगरत होती. तिने हाक मारायच्या आत त्याने सोडली.

वेशीतल्या तांबूस उजेडात एक तरुण पहारेकरी उभा होता, जांभई देत. दगड त्याच्या उघड्या तोंडातून गेला. जांभई तशीच राहिली. डोकं मागच्या बाजूने हळूहळू, निवांत, उघडत गेलं आणि मागच्या भिंतीवर पसरायला लागलं. भिवा ते पाहत राहिला. मग त्याने दुसरा दगड घेतला.

हौसाचा खडा त्याच्या मनगटावर बसला. हाड मोडल्याचा आवाज मागच्यांनाही ऐकू आला. तो खाली बसला, तिने जवळ जाऊन लाथेने त्याची गोफण दूर केली. तो उठून तिच्यावर धावला, डाव्या हाताने तिचा गळा धरला, दोघं बर्फावर आडवी झाली. तिने त्याच्या मोडक्या मनगटावर गुडघा ठेवून भार दिला तेव्हा कुठे त्याचा हात सुटला.

"कशाची वाट बघतेयस, मावशी? एवढं तरी सांग."

तेव्हा तिने सांगितलं. सगळ्यांसमोर. बहीण आत आहे, तिने वीस दिवस मागितले, मी दिले.

भिवाची बायको मागे येऊन उभी होती, मांडीवरचं गाठोडं आता छातीशी. ती पुढे आली, हौसाच्या तोंडावर थुंकली, आणि पोरीला घेऊन बर्फाकडे निघून गेली.

तरी पण उरलेले दिवस त्यांनी थांबून काढले. का, ते कुणालाच नीट सांगता आलं नसतं. कदाचित आत प्रत्येकाचं कुणी ना कुणी होतं म्हणून. कदाचित इतकं देऊन झाल्यावर आता हात रिकामा कसा मागे घ्यायचा म्हणून.

आत: पहारेकऱ्याचं प्रेत पडलं. घंटा वाजते आहे. किल्लेदारांचे लोक दारं लावायला लागले आहेत. राही पळते आहे.

*

वेशीच्या डाव्या अंगाला दोर आहे, उजवीकडची वाट मोकळी असते. विसाव्या दिवशी, ऊन चांगलं वर आल्यावर, दोरावर पहिलं माणूस दिसलं. मग त्यामागे दुसरं. पोरं पुढे घातली होती. निखाऱ्याच्या रंगात ती पोरं एकेक पाऊल इतक्या सावकाश टाकत होती की बाहेरच्यांनी शेगड्या पेटवल्या, घोंगड्या तापवल्या, तरी पहिलं पोर मधल्या पायरीला पोचलं नव्हतं.

राही वेशीच्या आतल्या तोंडाशी उभी होती आणि एकेकाला दोरावर चढवत होती. तिच्यामागे बोळात गर्दी दाटलेली. त्या गर्दीतून एक पहारेकरी वाट काढून पुढे आला होता. बाकीचे पहारेकरी गर्दीमागे जिन्यावर अडकलेले होते, फक्त हा एक सुटून आला होता. पोरसवदाच, घाबरलेला, रडवेला. मघाशी जांभई देता देता गेला तो त्याचा कुणी असावा. त्याने तलवार दोन्ही हातांनी वर नेली होती आणि आता ती खाली यायला निघाली होती. राहीची पाठ त्याच्याकडे होती.

बाहेरून ते सगळं स्वच्छ दिसत होतं आणि बघायला वेळ होता. इतका वेळ की भिवा गर्दीतून पुढे येऊन हौसाशेजारी उभा राहिला. मनगट फडक्यात बांधलेलं.

"मार," तो म्हणाला. "मला हात नाही. तू मार."

हौसाच्या गोफणीत खडा होता. "त्याच्यामागे बघ कोण आहे."

भिवाने बघितलं. पहारेकऱ्याच्या मागे बोळात माणसं खांद्याला खांदा लावून कोंबलेली. सगळ्यात पुढे एक धोबी, पंचविशीचा, खांद्यावर पोर. भिवाचंच नाक, भिवाचेच भुंगा बसल्यासारखे भुवयांमधले केस. त्याच्या आजोबांचा थोरला भाऊ असणार. गोफणीतला खडा पहारेकऱ्यातून जाऊन थांबणार नव्हता. धोब्यातून गेला असता, पोरातून, आणि मग जितके रांगेत होते तितक्यांतून.

तलवार पहारेकऱ्याच्या कपाळाशी आली.

"मग तुझी अक्का जाईल," भिवा म्हणाला. आवाजात राग नव्हता. गोष्ट जशी होती तशी त्याने सांगितली.

हौसाने खडा खाली टाकला. दगड आरपार जातो. कठीण असतो, लहान असतो, जोर घेऊन पुढे निघून जातो. माणूस तसा नाही. माणूस मऊ, पसरट. आदळला की फुटतो आणि सगळा जोर तिथेच सांडतो. तिने पदर कमरेला घट्ट खोचला. भिवाला कळलं. त्याने चांगला हात पुढे केला, तिचा दंड धरला, आणि मग सोडला.

"पोरं गारठून येतील," ती म्हणाली. "आधी पाय चोळा. लगेच शेकोटीला नेऊ नका."

ती मोकळ्या वाटेने, दोराला न शिवता धावली. पन्नाशीची बाई, गुडघे दुखणारी. उंबऱ्यापर्यंतची धाव बघायला काही मोठी नव्हती. पहिल्या पावलाला उंबऱ्याने तिला धरलं आणि दुसरं पाऊल तिचं राहिलं नाही. राहीच्या उजव्या खांद्याला घासून ती पहारेकऱ्याच्या छातीवर गेली. हे होताना कुणाला दिसलं नाही, झाल्यावर दिसलं.

पुढचं मात्र सगळ्यांना बघावं लागलं. तिचा खांदा त्याच्या फासळ्यांत शिरत गेला. दोघांचे हात एकमेकांच्या पाठीवर गेले, गळाभेट घेतल्यासारखे. कवटी कवटीवर बसली आणि दोन्ही मोडत गेल्या, मडकी मोडतात तशा, बारीक बारीक रेषांनी. तलवार सुटली आणि वर जाऊन फिरत राहिली. मग दोघं मिळून वेशीच्या कडेच्या भिंतीकडे निघाली. ती भिंतीला पोचेपर्यंत बाहेर पाच पोरं आली, त्यांचे पाय चोळून झाले, आणि त्यातलं एक रडायला लागलं. धोबी उभा होता तिथेच उभा होता. त्याच्या खांद्यावरच्या पोराच्या तोंडावर रक्ताचे शिंतोडे आले, एकेक करून.

राहीने मान वळवली. तिच्या एका डोळ्याला भिंतीपाशी काहीतरी लाल आणि त्यात पांढरे केस दिसले असतील. ती थांबली नाही. तिने धोब्याच्या हातात दोर दिला.

ती सगळ्यांच्या शेवटी बाहेर आली, निळी पडलेली, दात वाजत असलेली. भिवाने स्वतःची घोंगडी तिच्यावर टाकली. तिने हौशी कुठे आहे ते विचारलं नाही. त्याच्या मनगटाकडे बघून हे कुणी केलं एवढंच विचारलं, आणि त्याने सांगितलं. तिच्या तोंडावर क्षणभर हसू आल्यासारखं झालं.

मग गोफणी सुरू झाल्या. त्या थांबवायला आता कुणी नव्हतं, आणि राहीने थांबवल्याही नाहीत. वेशीतून आणि छपरातून दुपारभर दगड गेले. किल्लेदार पानावर बसलेले होते, त्यांचा घास हातातच राहिला. पागेतले घोडे, जिन्यावरचे पहारेकरी, सोप्यावर खेळत असलेली मोठ्या घरांतली पोरं, ज्यांना राहीने आणायचा विचारही केला नव्हता. उन्हं उतरताना एक धोंडा जात्यावर पडला. वरची तळी फुटली. उंबरा नाहीसा झाला, गडाचा तांबूस रंग गेला, आणि आतल्या किंकाळ्या एकदम, त्यांच्या खऱ्या वेगाने, ऐकू यायला लागल्या.

राही पहिल्यांदा गडात गेली त्या सकाळी हौसा झोपलेली होती. निरोप घ्यायला तिला कुणी उठवलं नाही.